ज्याच्या हातून घडले त्याचे दुःख

कारखान्यात माणूस मेला म्हणजे त्याची नोंद अनेक ठिकाणी होते. पोलिस पंचनामा करतात, कारखाने-निरीक्षकाकडे सूचना जाते, डॉक्टर दाखला लिहितात, वर्तमानपत्रात चार ओळी येतात, आणि आमच्यासारखे युनियनचे लोक नुकसानभरपाईचा अर्ज भरतात. ह्या सगळ्या कागदांत मेलेल्या माणसाचे वय असते, पगार असतो, वारसांची नावे असतात. पण ज्याने त्या क्षणी बटण दाबले, ज्याने दोर सोडला, ज्याच्या हातात गाडीचे चाक होते, किंवा जो शेजारी उभा असूनही वाचला, त्याचे नाव साक्षीदार म्हणून एकदा येते आणि पुढे कोठेच येत नाही. त्याच्या मनावर जे ओझे बसते त्यासाठी कोणत्याही नमुन्यात रकाना नाही. त्या रकान्याबाहेरच्या दुःखाविषयी येथे लिहावयाचे आहे.

आम्ही पंडित नव्हे. आमचे शालेय शिक्षण नववीत संपले. पुढचे काही कारखान्याच्या फाटकावर झाले आणि काही सार्वजनिक वाचनालयात. मानसशास्त्राची जी थोडी पुस्तके आम्ही चाळली ती हौसेखातर नव्हे, गरजेपोटी. ती गरज कशी उत्पन्न झाली हे आधी सांगितले पाहिजे, कारण त्यावाचून आमच्या बोलण्याला आधार नाही.

एका दुसऱ्या पाळीची हकीकत

१९९३ सालची गोष्ट. आम्ही तेविशीत होतो. ओतीव कामाच्या एका कारखान्यात साचे भरण्याच्या खात्यात कामाला होतो आणि युनियनच्या कमिटीवर नुकतेच निवडून आलो होतो. साच्यांसाठी वाळू, बेंटोनाइट, कोळशाची पूड आणि पाणी एकत्र मळावे लागते. ते मळणारे मोठे यंत्र असते. आत जड चाके आणि नांगरासारखी पाती फिरतात. कामगार त्याला नुसते 'मिक्सर' म्हणतात. वाळू आतून थापून बसली म्हणजे माणसाने आत उतरून ती खरवडून काढावयाची. झाकणाला एक विजेची कळ बसविलेली होती. झाकण उघडताच यंत्राची वीज तुटावी, अशी ती योजना. पण ती कळ वरचेवर बिघडे, काम अडे, म्हणून कोणीतरी ती तारेने बांधून टाकली होती.

ही गोष्ट फोरमनला ठाऊक होती, देखभाल खात्याला ठाऊक होती आणि आम्हालाही ठाऊक होती. कमिटीच्या एका सभेत हा विषय निघाला होता. परंतु बोनसची बोलणी ऐन रंगात होती. 'हे नंतर पाहू' असे म्हणून तो विषय मागे ठेवण्यात आला. असे म्हणणाऱ्यांत आम्ही होतो.

त्या दिवशी दुसऱ्या पाळीत चहाच्या सुट्टीत ठेकेदाराचा एक माणूस खरवडण्यासाठी मिक्सरमध्ये उतरला. कोणी पाहिले नाही, त्याने कोणाला सांगितले नाही. सांगण्याची पद्धतच नव्हती. सुट्टी संपली. साच्यांच्या रांगेवर वाळू नव्हती. बटणांच्या पेटीपाशी अठरा-एकोणीस वर्षांचा एक हेल्पर उभा होता. तेथून मिक्सरचे तोंड दिसत नसे. आम्ही रांगेवरून हात वर करून ओरडलो, "चालू कर रे!" त्याने बटण दाबले.

पुढचे वर्णन आम्ही करणार नाही. मेलेला माणूस तिशीतला होता. मागे बायको, दोन लहान मुले आणि म्हातारी आई.

त्याच रात्री फाटकावर सभा झाली. आम्ही भाषण केले, मालकाला खुनी म्हटले, टाळ्या पडल्या. तो हेल्पर गर्दीच्या शेवटी भिंतीला टेकून उभा होता. आम्ही त्याच्याकडे एकदाही पाहिले नाही. पाहण्याचे धैर्य नव्हते, हे आज कबूल केले पाहिजे. आठ दिवस तो कामावर आला नाही, तेव्हा आम्ही त्याच्या घरी गेलो. त्याची आई म्हणाली, "दादा, ह्यो उजव्या हातानं घासच घेत न्हाई बघा. डाव्या हातानं कसंबसं दोन घास खातोय आन् उठतोय." पोरगा उजवा हात मांडीखाली दाबून बसला होता.

त्याच सुमारास कचेरीतले एक गृहस्थ आम्हाला म्हणाले, "तो न विचारता आत उतरला, ही त्याची चूक. बटण दाबलं ते तुमच्याच माणसानं. मग कंपनीचा संबंध येतो कुठे?" ह्या वाक्याने आम्हाला राग आला खरा, पण त्या रात्री झोप लागेना. बटण दाबणाऱ्याला ज्याने सांगितले तो तर आम्हीच होतो! बाहेर सभेत एक बोलावयाचे आणि आत मनाशी दुसरेच, असे आमचे पुढील दोन वर्षे चालले. ह्या दुभंगातून वाट शोधताना जे कळले ते पुढे मांडतो.

शोक कसा वागतो

अमेरिकेतील बोस्टन शहरात २८ नोव्हेंबर १९४२ च्या रात्री 'कोकोनट ग्रोव्ह' नावाच्या करमणुकीच्या क्लबला आग लागली आणि ४९२ माणसे मृत्युमुखी पडली. एरिक लिंडेमान नावाच्या मनोविकारतज्ज्ञाने ह्या आगीतून वाचलेल्यांशी, मृतांच्या आप्तांशी व इतर शोकग्रस्तांशी बोलून १९४४ साली एक निबंध प्रसिद्ध केला. ताज्या शोकाची लक्षणे पद्धतशीरपणे मांडणारा तो एक पायाभूत लेख समजला जातो. त्यात त्याने पाच गोष्टी सांगितल्या. पहिली शरीराची: घसा दाटणे, श्वास कोंडणे, पोटात पोकळी पडल्यासारखे वाटणे, अंगातले बळ जाणे. दुसरी, मृताचे चित्र सतत डोळ्यांपुढे राहणे. तिसरी, अपराधाची जाणीव. चौथी, आपल्याच माणसांवर चिडणे, त्यांना दूर लोटणे. आणि पाचवी, रोजच्या वागण्याची घडी मोडणे: काम हाती घेणे, सोडणे, पुन्हा घेणे, पण तडीस न नेणे.

ह्यातील तिसरी गोष्ट आमच्या विषयाची आहे. शोकात पडलेला माणूस मृत्यूच्या आधीचे दिवस व तास चाळून काढतो आणि आपण कोठे कमी पडलो त्याचा पुरावा शोधत बसतो. क्षुल्लक गोष्ट त्याला डोंगराएवढी दिसते. सकाळी भांडण झाले होते, डबा नीट दिला नव्हता, सुट्टी घे म्हटले नव्हते. मेलेल्या माणसाच्या बायकोनेही आम्हाला हेच सांगितले होते. त्या दिवशी तो कामावर जाऊ नये असे तिला वाटत होते, पण खाडा नको म्हणून तिनेच त्याला पाठविले. म्हणजे एका मृत्यूची अपराधी म्हणून तीन माणसे तीन घरांत जागत होती आणि एकाला दुसऱ्याची वार्ता नव्हती.

मन असे का करते? आमच्या समजुतीप्रमाणे कारणे दोन. पहिले असे की, घडून गेलेली गोष्ट मागे वळून पाहताना सरळ रस्त्यासारखी दिसते. बारुख फिशहॉफ ह्या मानसशास्त्रज्ञाने १९७५ साली प्रयोग करून हे दाखविले. एखाद्या घटनेचा शेवट ज्यांना आधी सांगितला, त्यांना तो शेवट होणारच होता असे, न सांगितलेल्यांपेक्षा, पुष्कळ अधिक वाटले. आणि हे ज्ञान आपल्याला मागाहून मिळाले आहे ह्याचे भानही त्यांना राहिले नाही. बटण दाबण्यापूर्वी त्या हेल्परपुढे रोजचीच संध्याकाळ होती. दाबल्यानंतर मात्र त्याला वाटू लागले की, आत माणूस आहे हे आपल्याला कळावयास हवे होते. ते 'कळावयास हवे होते' हे आजचे ज्ञान आहे, त्या क्षणाचे नव्हे.

दुसरे कारण अधिक खोल आहे. जग आंधळे आहे, माणूस उगाच मरतो, हे मनाला सोसत नाही. त्यापेक्षा 'माझ्यामुळे झाले' हे सोसते. कारण त्यात निदान एवढा दिलासा असतो की, मी वेगळा वागलो असतो तर हे टळले असते. अपराधाची जाणीव ही अशा रीतीने असहायतेवर मनाने घातलेली पट्टी असते. ती पट्टी एकदम ओढून काढली तर जखम उघडी पडते. म्हणूनच "तुझा काही दोष नाही, विसरून जा" ह्या वाक्याने कोणाचेही समाधान होत नाही. आम्ही ते वाक्य त्या पोराला दहा वेळा ऐकविले. दहाही वेळा त्याने मान हलविली आणि हात मांडीखालीच ठेवला.

काडी कोणाच्या हातात, कुलूप कोणाच्या हातात

बोस्टनच्या त्याच आगीची दुसरी बाजू कामगाराने अवश्य वाचावी अशी आहे. क्लबच्या तळघरातील एक दिवा कोणा गिऱ्हाइकाने काढला होता. तो परत बसविण्यास सोळा वर्षांच्या एका पोऱ्याला सांगण्यात आले. अंधारात खोबण दिसेना म्हणून त्याने काडी ओढली, दिवा बसविला, काडी विझविली. थोड्याच वेळात तेथील कृत्रिम ताडाच्या झाडाने पेट घेतलेला दिसला. चौकशीत त्या मुलाने हे सर्व आपण होऊन सांगितले. आग कशाने लागली ह्याचा निर्णय सरकारी चौकशीत झाला नाही, त्या मुलावर ठपका ठेवला गेला नाही. तरीही लोकांच्या तोंडी 'काडी ओढणारा' हेच नाव राहिले आणि पुढे वर्षानुवर्षे त्याला लोकांचे बोल ऐकावे लागले.

पण माणसे मेली ती काडीने नव्हे. त्या इमारतीत सुमारे ४६० माणसांची सोय असताना त्या रात्री एक हजाराच्या आसपास माणसे कोंबली होती. मुख्य दाराला फिरते कवाड होते. गर्दीने ते अडकले. बाजूची दारे काही कुलूपबंद, काही आतल्या बाजूस उघडणारी. सजावट भुरकन पेटणारी. क्लबचा मालक बार्नेट वेलान्स्की त्या रात्री तेथे हजरही नव्हता, तो आजारी होऊन रुग्णालयात होता. तरी १९४३ साली न्यायालयाने सदोष मनुष्यवधाबद्दल त्यालाच दोषी ठरविले. का? तर दारे बंद ठेवण्याची व्यवस्था त्याची होती, आणि धोका ठाऊक असताना तो चालू ठेवणे हेच अपराधाचे मूळ होते. ह्या आगीनंतर अमेरिकेत फिरत्या कवाडाशेजारी बाहेर उघडणारी साधी दारे असावीत, असे नियम झाले.

ह्यात आमच्या विषयाचा गाभा आहे. अपराधाची जाणीव शेवटच्या हाताला चिकटते. जबाबदारी मात्र बहुधा त्या हाताच्या पुष्कळ वर असते. काडी सर्वांना दिसते, कुलूप कोणाला दिसत नाही. आमच्या कारखान्यात बटण सर्वांना दिसले. झाकणाच्या कळीभोवती गुंडाळलेली तार पंचनाम्यात एका ओळीत आली आणि विसरली गेली. ज्याचा दोष सर्वांत कमी, त्याला अपराध सर्वांत जास्त वाटत होता. आणि ज्याची जबाबदारी सर्वांत मोठी, त्याला रात्री स्वस्थ झोप लागत होती!

खंत, दोष आणि जबाबदारी

तेव्हा हे शब्द वेगळे केले पाहिजेत. दोष म्हणजे जे करावयास नको होते ते जाणून किंवा हयगयीने करणे. जबाबदारी म्हणजे ज्याच्या हाती व्यवस्था आहे त्याने तिच्या परिणामांचे उत्तर देणे. आणि खंत म्हणजे दोष असो वा नसो, 'हे माझ्या हातून घडले' ही टोचणी.

ही खंत खोटी नाही. बर्नार्ड विल्यम्स ह्या इंग्रज तत्त्ववेत्त्याने १९७६ साली एका निबंधात ट्रकचालकाचे उदाहरण घेतले. चालकाची कसलीही चूक नसताना एक मूल चाकाखाली सापडते. रस्त्यावरच्या बघ्यांनाही वाईट वाटते, पण चालकाला जे वाटते ते वेगळेच असते. आपण त्याची समजूत घालतो, आणि ते योग्यही आहे. मात्र तो फार लवकर निश्चिंत झाला तर आपल्यालाच त्याच्याविषयी शंका येईल, असे विल्यम्स म्हणतो. हे आम्हाला फार खरे वाटते. खंत हे माणुसकीचे लक्षण आहे, गुन्ह्याचा कबुलीजबाब नव्हे. जो ह्या दोहोंची गल्लत करतो तो त्या माणसाला एक तर निर्ढावलेला बनवितो किंवा वेडा.

जुन्या लोकांना हा भेद ठाऊक होता. आमच्या धर्मशास्त्रांनी प्रायश्चित्त सांगताना जाणून केलेले आणि नकळत घडलेले असा फरक केला. यहुदी लोकांच्या जुन्या धर्मग्रंथात तर कामगाराला पटेल असाच दाखला आहे. लाकूड तोडताना कुऱ्हाडीचे पाते दांड्यातून निसटून सोबत्याला लागले व तो मेला, तर त्या तोडणाऱ्याने आश्रयाच्या नगरात जावे. तेथे सूड घेणाऱ्यांपासून त्याचे रक्षण व्हावे. म्हणजे त्याला खुनी म्हटले नाही, पण जणू काही घडलेच नाही असेही म्हटले नाही. आपल्याकडील मोटार कायद्यातही ह्याचा पुसट आवाज ऐकू येतो. १९८८ च्या कायद्याच्या १३४ व्या कलमाने जखमीला वैद्यकीय मदत मिळवून देण्याचे कर्तव्य चालकावर ठेवले, पण जमावाच्या क्षोभामुळे ते शक्य नसेल तर, अशी सवड ठेवली. रस्त्यावरचा जमाव चालकाला आश्रय देत नाही हे कायदा करणाऱ्यांनाही ठाऊक होते.

आणि दशरथाची कथा कोणाला ठाऊक नाही? पाण्यात घागर बुडाल्याचा आवाज त्याला हत्तीचा वाटला, बाण सुटला, आंधळ्या मायबापांचा एकुलता मुलगा गेला. वाल्मीकीच्या रामायणात राजा पळून गेला नाही. पाण्याची घागर घेऊन स्वतः त्या म्हाताऱ्यांपुढे गेला आणि हे माझ्या हातून झाले असे म्हणाला. आपण होऊन येऊन सांगितलेस म्हणूनच वाचलास, अशा अर्थाचे उत्तर त्याला मिळाले, शापही मिळाला. पण पुढे ही हकीकत तो कौसल्येला सांगतो ती मरणाच्या रात्री. मधली सगळी वर्षे ती त्याच्या मनात बंद होती. एकदा सांगून पुरत नाही, आणि न सांगता तर मुळीच सुटका नाही, असा आम्ही ह्या कथेचा अर्थ लावतो.

कायद्याने अपराधाचा केलेला उपयोग

कचेरीतल्या त्या गृहस्थाचे वाक्य त्याचे एकट्याचे नव्हते. त्याला दीडशे वर्षांचा इतिहास होता. इंग्लंडमध्ये १८३७ साली एका खाटकाच्या नोकराने मालकावर दावा लावला. गाडीत फाजील माल भरला होता, गाडी मोडली, नोकराच्या मांडीचे हाड मोडले. न्यायालयाने मालकाला सोडून दिले. ह्या निकालातून पुढे असे तत्त्व वाढले की, सोबतच्या कामगाराच्या चुकीने इजा झाली तर मालक देणे लागत नाही, कारण दोघे एकाच कामावर आहेत आणि तो धोका नोकराने पत्करलेलाच आहे. म्हणजे एका मजुराच्या मनातील अपराध ही मालकाची ढाल झाली! जितके मजुराने स्वतःला बोल लावावे तितकी ती ढाल भक्कम. हे तत्त्व इंग्लंडमध्ये पूर्णपणे रद्द होण्यास १९४८ साल उजाडले. हिंदुस्थानात १९३८ च्या मालकांच्या दायित्वाच्या कायद्याने हा बचाव काढून घेतला.

मृताच्या चुकीविषयीही असेच. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्यात मालकाला काही बचाव ठेवले होते: कामगार दारू प्यालेला होता, त्याने मुद्दाम नियम मोडला, सुरक्षेचे साधन जाणून काढून टाकले, इत्यादी. परंतु इजेमुळे मृत्यू आला असेल तर हे बचाव चालत नाहीत, असे त्याच कलमात १९३३ सालच्या दुरुस्तीने लिहिले गेले. १९९५ साली कायमच्या संपूर्ण अपंगत्वालाही तेच संरक्षण मिळाले. पुढे २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत हा कायदा सामावला गेला, तरी तत्त्व तेच राहिले. मेलेला माणूस स्वतःची बाजू मांडावयास येऊ शकत नाही, म्हणून कायदा त्याच्यावर आरोप ऐकून घेत नाही. हे कलम आम्ही त्या विधवेला वाचून दाखविले तेव्हा ती प्रथमच रडली. पैसे मिळणार म्हणून नव्हे. 'चूक त्यांची नव्हती असं सरकार म्हणतंय ना?' एवढेच तिने विचारले. कायदा तंतोतंत तसे म्हणत नाही, हे आम्हाला ठाऊक होते. तरी आम्ही 'होय वहिनी' म्हणालो आणि त्या उत्तराची आम्हाला खंत नाही.

भरपाई मिळाली. ती आयुक्ताकडेच भरावी लागते. विधवेच्या हातावर परस्पर काही ठेवून कागदावर अंगठा घेतला तर तो हिशेब कायदा मानीत नाही. हेही ध्यानात ठेवावे, कारण शोकाच्या पहिल्या आठवड्यात माणूस कशावरही सही करतो.

शोकाला विधी आहे, खंतीला नाही

मेलेल्याच्या घराला सुतक आहे, दहावा आहे, तेरावा आहे, वर्षश्राद्ध आहे. विधी कोणी मानो वा न मानो, त्यामुळे दुःखाला दिवस मिळतात, माणसे मिळतात. ज्याच्या हातून घडले त्याला असे काहीच नाही. तो चोरासारखा दूर उभा राहतो.

दहाव्याला आम्ही नदीवर गेलो ते असेच दूर उभे राहण्यासाठी. तो पोरगाही आला होता. पिंड ठेवले, कावळा शिवेना. भाऊबंदांनी एकेक शब्द दिला. मुलांचे शिक्षण करू, म्हातारीला सांभाळू. कावळा येईना. तेव्हा मृताच्या थोरल्या भावाने वळून आमच्याकडे पाहिले आणि म्हटले, "तुम्ही दोघं लांब का? पुढं या आन् तुमचा काय शब्द असंल तो द्या." आम्ही पुढे झालो. काय बोलावे सुचेना. पोरगाच बोलला, "आत माणूस हाय का बघितल्याबिगर मिक्सर चालू व्हणार न्हाई. कवाच न्हाई." आम्ही म्हणालो, "होय. कुलूप लावू." कावळा त्यानंतर आला की आधीच येऊन गेला होता, आम्हाला आठवत नाही, आणि कावळ्यावर आमचा विश्वासही नाही. पण त्या विधीतले शहाणपण आम्हाला त्या दिवशी कळले. मेलेल्याला परत आणता येत नाही, त्याला शब्द देता येतो. खंतीला वाट मिळते ती कामात.

मुंबईच्या गोदीत १४ एप्रिल १९४४ रोजी दारूगोळ्याने भरलेल्या जहाजाचा प्रचंड स्फोट झाला. आग विझविण्यास गेलेले ६६ अग्निशामक त्यात मरण पावले. आजही देशभर त्याच तारखेला अग्निशमन दिन पाळतात आणि पुढचा आठवडा लोकांना आगीपासून बचाव शिकविण्यात घालवितात. शोकाला कामाचे रूप देणे ते हेच.

आमचे कुलूप मात्र सहजासहजी लागले नाही. बोनस मागे ठेवून आम्ही तो प्रश्न पुढे घेतला. सात महिने भांडलो. अखेर असे ठरले की, आत उतरणाऱ्याने मुख्य स्विच पाडून त्याला स्वतःचे कुलूप घालावयाचे आणि किल्ली स्वतःच्या खिशात ठेवावयाची. जितकी माणसे आत तितकी कुलुपे. शेवटचे कुलूप निघाल्यावाचून वीज नाही. उपाय एवढा साधा, खर्च काही शे रुपयांचा. तो आधी सुचला नव्हता असे नाही. आधी मागितला नव्हता. हा आमचा दोष होता, नुसती खंत नव्हे, आणि ते कबूल केल्यावरच आमची झोप परत आली.

काय करावे, काय करू नये

तीस वर्षांच्या कामातून आमची अशी समजूत झाली आहे. ज्याच्या हातून घडले त्याला पहिले काही दिवस एकटे ठेवू नये. त्याच्या खाण्याझोपण्याकडे कोणीतरी लक्ष द्यावे. दुसऱ्याच दिवशी त्याच यंत्रावर उभे करू नये, आणि कायमचे हलवूही नये. परत कधी यावयाचे ते त्याला ठरवू द्यावे, व त्या काळाचा पगार कापू देऊ नये. बोलण्याची सक्ती करू नये. अपघातानंतर लगेच सर्वांना बसवून बळेच बोलते करण्याची पद्धत मध्यंतरी पुष्कळ ठिकाणी रूढ झाली होती. पुढील पाहण्यांत तिचा उपयोग दिसून आला नाही. तो बोलू लागला म्हणजे मात्र मध्ये न तोडता ऐकावे, आणि तेच तेच पुन्हा सांगितले तरी ऐकावे. "विसर" म्हणू नये. "काय काय झाले ते सांग, मग त्यात तुझे काय आणि दुसऱ्याचे काय ते आपण पाहू" असे म्हणावे. चौकशीतील खरी हकीकत त्याला कळू द्यावी; तार कोणी बांधली, कळ किती दिवस बंद होती, हे सगळे. सत्याने ओझे नाहीसे होत नाही, पण वाटले जाते.

मृताच्या कुटुंबाची व त्याची भेट दोघांची इच्छा असेल तेव्हाच घडवावी. आणि महिने लोटले तरी झोप नाही, दारू वाढली आहे, कामात मन नाही, किंवा मरणाची भाषा तोंडी येते, तर युनियनच्या समजुतीवर विसंबू नये, डॉक्टरकडे न्यावे. लिंडेमानने ज्या रुग्णांविषयी लिहिले त्यांत एक तरुण होता. बायकोला आगीतून ओढताना तो बेशुद्ध पडला, गर्दीने त्याला बाहेर लोटले, ती आत जळाली. भाजल्याची जखम बरी होत असताना त्याने आपला जीव दिला. शरीराची जखम भरली की माणूस वाचला, असे समजू नये, हा त्याचा धडा. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या नव्या वर्गीकरणात सहा महिन्यांहून अधिक काळ माणसाला कामातून उठविणाऱ्या शोकाला स्वतंत्र विकार म्हणून स्थान मिळाले आहे. त्यात लाजण्यासारखे काही नाही. सरकारची 'टेली-मानस' ही दूरध्वनीवरील सेवा २०२२ पासून चालू आहे. तिचा क्रमांक १४४१६, आणि मराठीतून बोलता येते.

शेवटी एक गोष्ट सांगून थांबतो. आम्ही आणि तो हेल्पर दर वर्षी त्या घरी जात असू. चहा होई, मुलांची चौकशी होई, पावसापाण्याचे बोलणे होई, आणि आम्ही उठत असू. अकराव्या-बाराव्या वर्षी वहिनी म्हणाल्या, "भावजी, दरसाल येता, लई बरं वाटतं. पण त्यांचं नाव कुणीच घेत न्हाई. तुमच्या तोंडनं त्यांचं नाव ऐकावं म्हणून मी वाट बघतो." आम्ही दोघे गप्प झालो. मग त्या पोराने, आता तो पोरगा राहिला नव्हता, घरचा कर्ता झाला होता, त्याने मृताचे नाव घेतले आणि जेवणाच्या सुट्टीत तो नकला कशा करी ते सांगितले. वहिनी हसल्या. त्या वर्षी आम्ही जेवूनच निघालो. तो उजव्या हाताने जेवला.

आज तो दुसऱ्या एका कारखान्यात देखभाल खात्यात फिटर आहे. गळ्यातल्या दोऱ्याला त्याच्या कुलपाची किल्ली असते. नवीन पोरे कामावर आली की तो त्यांना यंत्र दाखविण्याआधी कुलूप दाखवितो, आणि कोणी कारण विचारले तर सांगतो. पूर्ण सांगतो, आपले बटणसुद्धा.